खडक मुका झाला तेव्हा

मुरबे गावातल्या त्या मासेवालीचं नाव मी कधी विचारलं नाही. बोईसरला कामगारांच्या वस्त्या वाढत होत्या, तेव्हाची गोष्ट. एका खाणावळवाल्याची माणसं समुद्रातल्या खडकावरून पाखरांची अंडी पाट्या भरभरून आणत होती, तीही ऐन विणीच्या हंगामात! आम्ही काही पक्षिमित्र त्याविरुद्ध किनाऱ्यावर पत्रकं वाटत होतो. ही बाई मात्र कमरेइतक्या पाण्यात शिरून त्यांच्या होडीचा दोर धरून उभी राहिली.

"सोड ग मावशे! अंडी काय तुज्या कोंबडीची हायत?" एकजण हसला.

"धुक्यात माजा नवरा पाखरांच्या कालव्यावर खडक वळखतो. पाखरा गेली त त्याची होडी आपटंल."

त्यांनी दोर हिसकला. तिचा तळवा सोलला, होडी गेली. पाखरांची अंडी लुटणं हा त्यांच्या लेखी गुन्हाच नव्हे! मग गुन्हा म्हणायचं तरी कशाला?

पुढच्या वर्षी खडकावर पाखरं उतरलीच नाहीत. धुकं पडलं की ती बाई किनाऱ्यावर परात बडवत उभी राही, नवऱ्याला निदान गावाची दिशा कळावी म्हणून. एका सकाळी मी म्हटलं, "मावशी, द्या इकडं, थोडा वेळ मी बडवतो."

तिनं परात छातीशी धरली.

"नको भावा. त्याला माजा हात कळतो."