नावं न घेता सांगितलेली कुस्ती

"तुझे वस्ताद कोण?" मी रिह्याच्या किसनला विचारलं.

"दगडूवस्ताद," तो म्हणाला.

मी माल्याच्या बबनकडे वळलो. खरं तर त्याला विचारायची गरज नव्हती. बबन मिसरूड फुटायच्या आधीपासून दगडूवस्तादांच्या तालमीत होता, हे पौडच्या बाजारात शेंबड्या पोरालाही ठाऊक होतं. तरी विचारलं.

"दगडूवस्तादच की. दुसरं कोण?"

मी माइकचं बटण खाली केलं. शेवटची, मानाची कुस्ती लागायची होती. टेबलावर लाल फडक्यावर चांदीची गदा ठेवली होती. पत्र्याच्या कुंपणाच्या आत माणसाला माणूस चिकटून बसलं होतं, आणि मला पुढचं वाक्य सुचत नव्हतं. माझ्या बाबतीत असं सहसा होत नाही.

मी निवेदक, म्हणजे कुस्तीच्या फडात माइकवर बोलणारा. त्या काळी यावर कुणाचं पोट भरत नसे. मी चिंचवडच्या एका कंपनीत स्टोअरला होतो आणि जत्रांचा सीझन आला की रजा टाकून मुळशीत हजर व्हायचो. गुडघा गेला नसता तर मीही गदा मारली असती, असं मी सांगत असे. गुडघा धड होता तेव्हाही तुम्ही पडतच होता, असं माझी बायको सांगत असे. दोघांचंही बरोबर होतं.

जोड पुकारताना निवेदकानं पैलवानाचं नाव, गाव आणि वस्ताद सांगायचा असतो. वस्ताद म्हणजे तालमीचा गुरू. कधी कधी पैलवानापेक्षा वस्तादाच्या नावालाच टाळ्या जास्त पडतात. आणि एका वस्तादाचे दोन पठ्ठे जाहीर फडात एकमेकांशी लढत नाहीत. ते गुरुबंधू. तालमीत रोज एकमेकांना लोळवतील, पण इनामासाठी, लोकांपुढे, नाही. तसे लढलेच तर लोक नुरा म्हणून मोकळे होतात. नुरा कुस्ती म्हणजे आधी ठरवून केलेली, खोटी. तो शब्द एकदा तालमीला चिकटला की कुणी बाप आपला पोरगा तिथं घालत नाही.

बबन आणि किसन यांची चुरस साऱ्या खोऱ्यात गाजत होती. आधीच्या दोन जत्रांत त्यांची कुस्ती लागली आणि दोन्ही वेळा पंचांनी बरोबरीत सोडवली. माल्याची माणसं म्हणत, अजून थोडा वेळ मिळता तर किसनला अस्मान दिसलं असतं. रिह्याची माणसं हेच उलटं म्हणत. एका लग्नाच्या पंगतीत यावरून ताटं फिरली होती. म्हणून यंदा कमिटीनं पोस्टरवर मोठ्या अक्षरात "निकाली" छापलं. निकाली म्हणजे कुणाची तरी पाठ मातीला लागल्याशिवाय सोडवायची नाही. पहिल्यांदाच पत्रे लावून तिकीट ठेवलं, आणि तरी मैदान भरलं.

मी कमिटीच्या अध्यक्षांना, तात्यांना, बाजूला घेतलं.

"तात्या, दोघंबी एकाच वस्तादांचे हायेत."

"मला म्हाईत हाय," तात्या म्हणाले. "किसनच्या वस्तादांना अर्धांगवायूचा झटका आला. त्यांनी तालीम बंद केली आन पोराला ह्या म्हयन्यात दगडूवस्तादांच्या हवाली केला. पर पोस्टरं लागली होती, भाऊ. दोनी गावं निघाली होती."

"आन वस्ताद काय म्हणाले?"

तात्यांनी टोपी काढून पुन्हा डोक्यावर ठेवली. मग कळलं. वस्तादांनी जोड बदलायचा निरोप धाडला होता. तात्यांनी "बदलतो" म्हणून सांगितलं आणि बदलली नाही. पोरांना मात्र सांगितलं, की वस्तादांशी बोलणं झालंय. पोरांचा विश्वास बसला. वस्तादांपुढं उभं राहून उलटं विचारायची हिंमत तर कुणातच नव्हती.

"तू वस्तादाचं नाव घिऊच नकोस," तात्यांनी तोडगा काढला. "नाव, गाव, झालं."

"आजवर गाळलं न्हाई. आजच गाळलं तर लोक पयलं तेच इचारतील."

मी सरळ वस्तादांकडे गेलो. ते पुढच्या रांगेत बसले होते. म्हातारे, कानाचे पार चुरगळे झालेले, मांडीवर हात. दोघांना एकत्र लंगोट कसताना पाहून ते काय समजायचं ते समजले होते. मी तात्यांचा सगळा उद्योग सांगितला. ते चिडतील असं वाटलं होतं, पण त्यांनी मलाच विचारलं, "मी पोरांना उठवून न्हेलं तर काय व्हईल?"

"पत्रे ऱ्हायचे न्हाईत. दोनी गावं एकमेकांवर जातील."

"आन मी हितं बसलो तर?"

उत्तर त्यांनीच दिलं.

"मी सांगतो. पोरं माझ्याकडं बघत ऱ्हातील. अंग चोरून लढतील. परत बरोबरी. मंग लोक म्हणतील नुरा, आन ते माझ्या तालमीला माझ्या मरणापातुर पुरंल." ते उठले. "मी भाईर जातो. गुरूच्या डोळ्याम्होरं न्हाईत, तवर त्ये गुरुबंधू न्हाईत. लोकांना समदं खरं सांग. लपवू नगंस. आन भाऊ, एक कर. कर्णा भाईर बी लावलाय न्हवं?"

पत्र्याबाहेर, चिंचेखाली, रस्त्यावरच्या माणसांना ओढायला एक कर्णा बांधलेला होता.

"त्यावर नावं घिऊ नगंस. डाव सांग. कोन वर, कोन खाली, मला नगं. एकाचं नाव ऐकून माझं काळीज हाललं तर मी त्याच्या बाजूचा झालो."

आणि ते निघाले. दगडूवस्ताद स्वतःच्या दोन पठ्ठ्यांच्या मानाच्या कुस्तीला पाठ करून बाहेर जाताना मी पाहिले आहेत. त्यांच्याइतका सरळ माणूस मी त्या धंद्यात दुसरा पाहिला नाही.

मी बटण वर केलं आणि लोकांना होतं तसं सांगितलं. तात्यांचा भाग तेवढा "कमिटीचा गैरसमज" म्हणून सांगितला, कारण रात्रीचं जेवण त्यांच्याकडेच होतं. मग मागून कुणीतरी ओरडलं, "नुरा हाय रं, नुरा." हशा पिकला. बबननं तो ऐकला. किसननंही ऐकला. दोघांनी मूठभर माती एकमेकांच्या अंगावर टाकली आणि कुस्तीला सुरुवात झाली.

नावं न घेता कुस्ती सांगून बघा. उभ्यानं खडाखडी चालते, म्हणजे हात मानेवर, कपाळाला कपाळ, एकमेकांचा जोर अजमावणं, तेव्हा मी "टेकडीकडचा" आणि "देवळाकडचा" म्हणायला लागलो. दोघं गर्रकन फिरले आणि टेकडीकडचा देवळाकडे गेला. माझी पुरती भंबेरी उडाली. पुढे बसलेला एक म्हातारा म्हणाला, "भाऊ, एक कुणीतरी धर की." मग मी मधलंच सांगायला लागलो. हात कुठं गेला, पाय कुठं अडकला, वजन कुणीकडं झुकलं.

नुसती खडाखडी लांबली तसा कुजबुजीचा आवाज वाढला. इतक्यात किसन पटात शिरला. म्हणजे वाकून समोरच्याचा पाय धरायला आत घुसला. बबननं त्याचा हात बगलेत दाबला, पाय आत घातला आणि ढाक मारली. ढाक म्हणजे समोरच्याला अंगावरून भिरकावणं. बबनची ढाक साऱ्या खोऱ्यात प्रसिद्ध. तिच्यातून सुटलेला पैलवान मी पाहिला नव्हता. किसन हवेत गेला, आणि पडता पडता मांजरासारखा वळून पोटावर पडला. मैदान उभं राहिलं. ह्या दोघांत काही ठरलंय असं त्या क्षणी कुणी म्हणालं असतं, तर शेजाऱ्यानंच त्याला गप्प केलं असतं.

मी माइकवर म्हणालो, "ढाक बसली. पाठ नाही लागली. पोटावर सुटका."

त्यानंतर जे झालं ते मी आजही कुणी विचारलं तर उभा राहून सांगतो. एकानं डाव टाकायचा, दुसऱ्यानं तो अर्ध्यात ओळखायचा. माती दोघांच्या अंगावर घामानं लिंपली गेली, आणि कोण कुठला हे ओळखणं लांबच्यांना जड जाऊ लागलं. एकदा किसनचा पाय सरकला, तरी बबन त्याला बेसावध गाठून अंगावर गेला नाही, पुढं सरकून नीट कब्जा घ्यायला गेला. तेवढ्यात किसन सावरला. लबाडी नाही, रडकेपणा नाही. माझ्या हातात माइक होता म्हणून, नाहीतर मी टोपी उडवली असती.

मग किसननं मागं जाऊन बबनला खाली घेतलं. बबन पालथा, हात-पाय आवळून, कोपरं अंगाशी. किसन वर. खालचा पैलवान असा आवळून राहिला तर वरच्याला फार काही करता येत नाही. यात कमीपणा काही नाही, उलट हेच तालमीत पहिलं शिकवतात. बबन नेटानं राहिला असता तर वरचा दमला असता. पण कुस्ती थांबल्यासारखी दिसायला लागली, आणि मागून पुन्हा तोच आवाज आला. "झोपलं बघा. नुरा."

बबननं डोकं वर केलं. मी ते पाहिलं. त्यानं उठायला कोपर उचललं आणि किसननं त्याच घटकेला घिस्सा भरला, म्हणजे लंगोटाला मागून धरून मातीत रेटत नेलं आणि उलटा केला.

मी माइकवर एवढंच म्हणालो, "खालच्यानं कोपर उचललं. घिस्सा. पाठ लागली. कुस्ती निकाली."

पंचांनी हात वर केला. रिह्याची माणसं आत घुसली. पण किसनला पहिला खांद्यावर घेतला तो बबननं. दोघंही रडत होते. माल्याच्या माणसांनी फेटे काढून हवेत फिरवले, हरलेल्या पैलवानासाठी. नुरा म्हणणारा आवाज कुठं गेला ते कुणालाच कळलं नाही. मुरलेला पठ्ठा हरावा आणि चार दिवसांपूर्वी आलेला जिंकावा, असं कुठला वस्ताद ठरवून आणेल?

माझं काम विजेत्याचं नाव पुकारायचं होतं. तेवढ्यात तात्यांनी माइक माझ्या हातातून घेतला आणि कमिटीनं किती विचारपूर्वक ही जोड लावली त्यावर भाषण सुरू केलं. तात्यांचं भाषण म्हणजे सावकाश चहा पिऊन येता येतो. मी बाहेर गेलो.

वस्ताद चिंचेखाली बसले होते, मैदानाकडे पाठ करून, तसेच. मला पाहून त्यांनी हात वर केला, थांब म्हणून.

"ढाक बबनची व्हती," ते म्हणाले. "ती मला कळली. पर शेवटाला खाली कोन व्हता?"

"बबन."

त्यांनी मान हलवली. मग म्हणाले, "वाईट वाटलं मला. खोटं कशाला बोलू. किसनबी माझाच, पर बबनला मी हातानं भाकरी चारलीया." आणि नंतर, "भाऊ, आता परत सांग. समदी. नावं घिऊन."

मी खाली मातीत बसलो आणि पहिल्या खडाखडीपासून सगळी कुस्ती पुन्हा सांगितली. आत कर्ण्यावर तात्या गरजत होते, आणि मी बाहेर एका म्हाताऱ्यासाठी हलक्या आवाजात बबन, किसन, बबन, किसन असं सांगत होतो. ते डोळे मिटून ऐकत होते. त्यांची बोटं डावागणिक मांडीवर हलत होती. कोपरापर्यंत आलो तसे त्यांनी डोळे उघडले.

"कोपर अंगाशी, ह्ये मी त्याला पयल्या दिशी शिकवलं. आजवर त्यानं कवा उचललं न्हाई. आजच कसं उचललं?"

"मागनं कुणीतरी नुरा म्हणालं, वस्ताद. खाली आवळून पडलाय म्हणून. त्ये ऐकलं आन बबन उठाया गेला."

"तू त्ये कर्ण्यावर न्हाई सांगितलंस."

"तुमी डाव सांगा म्हणाला व्हता."

वस्तादांनी फेट्याच्या शेवानं तोंड पुसलं. "म्हंजी पोरगं माझ्या नावासाठी उठलं," ते म्हणाले. मग माझ्या खांद्याचा आधार घेऊन उभे राहिले आणि आत निघाले. रडतच गेले, आणि लोकांनी वाट दिली.

ते दोघं पुन्हा कधी एकमेकांशी जाहीर लढले नाहीत. तालमीतल्या मातीच्या एकाच हौद्यात पहाटे मेहनत करत राहिले. त्यानंतर मी पुष्कळ फड केले, मोठ्या मैदानांवरही बोललो. नवी पोरं माइक धरायला शिकायला येतात तेव्हा डावांची नावं पाठ करून येतात आणि ती धडाधड म्हणून दाखवतात. मी त्यांना सांगतो, डाव बरोबर आहेत बाबांनो, पण पैलवान पडला तर तो का पडला, तेही बघून ठेवत जा. कुणीतरी बाहेर बसलेलं असतं.