मी लिहिलेलं पूर्ववैमनस्य

तालुक्याच्या दवाखान्याबाहेर उभा होतो, तेव्हा डेस्कवरून तिसरा फोन आला. डेस्क म्हणजे ऑफिसात बसून आमच्या बातम्या तपासणारी, हेडिंग देणारी मंडळी. मी स्ट्रिंगर, गावोगावी फिरून बातमी पाठवणारा.

आत दशरथ अण्णांचं पोस्टमॉर्टेम चाललं होतं. सीमाभागातल्या खजुरीपुढच्या एका गावचे ते ग्रामपंचायत सदस्य. आठ दिवसांवर पंचायतीच्या अध्यक्षाची, म्हणजे सरपंचाची, निवड होती आणि ते उभे राहणार होते. सकाळी शेताच्या वाटेवर त्यांना कोयत्यानं तोडलं.

"कारण काय टाकू?" डेस्कवरच्या सरांनी विचारलं.

"अजून कळलं नाही, सर."

"कारणाशिवाय खून कसा छापू? चॅनलवाले कधीचे चालवायलेत."

चॅनलवर खरंच जमिनीचा वाद, भावकी, असं काहीबाही चाललं होतं. एक हवालदार सहज बोलून गेला, जुनं काही असेल. तेवढ्यावर मी 'पूर्ववैमनस्यातून' असं लिहून दिलं. आमच्या धंद्यातला हा सोयीचा शब्द. कुणाचं नाव घ्यावं लागत नाही.

दुसऱ्या दिवशी पहिल्या पानावर तेच हेडिंग. निवडणुकीची ओळ मी शेवटी लिहिली होती. जागा नव्हती म्हणून ती कापली.

तिसऱ्या दिवशी त्यांच्या घरी गेलो. त्यांची बायको कमळाक्का भिंतीला टेकून बसली होती. रडत नव्हती.

"दादा, त्यांचं वैर कुणासंगं व्हतं? मला तर ठाव न्हाई. तुमी लिवलाव म्हणून इचारायलेय."

मग तिनं पेटीतून एक कागद काढला. उभा राहू नको, नाहीतर जिवाला मुकशील, अशी धमकी आल्याचा अर्ज. दशरथ अण्णांनी मरायच्या पंधरा दिवस आधी पोलिसांत दिलेला, शिक्क्यासकट. हा कागद मागायला कुणीच आलं नव्हतं, मीसुद्धा.

त्याच दुपारी फॉलोअप, म्हणजे पुढची बातमी पाठवली. आतल्या पानावर पाच ओळींत आली. अध्यक्षाची निवड ठरल्या दिवशी झाली, बिनविरोध.

केस अजून कोर्टात आहे. गावात विचारलं तर लोक सांगतात, त्यांचं कुणाशी तरी जुनं वैर होतं म्हणे. कमळाक्काच्या मुलीला कॉलेजात हेच ऐकावं लागतं.

आता मी पहिल्या दिवशी 'कारण समजलेलं नाही' एवढंच लिहितो. डेस्क ओरडतं. ओरडू दे. चुकीची दुरुस्ती छापता येते, पण ती वाचायला कुणी थांबलेलं नसतं.