‘न्हाई’ म्हणणारं माणूस

आमच्या अफजलपुरात शेजारी एक संगीतकार राहतात. सिनेमा-मालिकांत त्यांचं आणि त्यांच्या जोडीदाराचं नाव जोडीनं यायचं, पण फार कुणाला ठाऊक न्हाई. हे चाल बांधायचे, जोडीदार ‘न्हाई’ म्हणायचा, की हे बदलायचे. जोडीदार वारला. मग एका मालिकेचं गाणं मिळालं, तेव्हा चाल ऐकवायला पेटी घेऊन माझ्याकडं यायचे.

“ऐका, अक्का.”

“लई गोड हाय.”

“तुम्ही सगळंच गोड म्हणायलात,” म्हणून उठायचे.

शेवटी मीच एकदा, त्यांना बरं वाटावं म्हणून, “न्हाई” म्हटलं. चेहरा असा उजळला त्यांचा! पुढं सरकून विचारलं, “कुठं न्हाई?”

मला काय सांगता येतंय? त्यांनी भाता मिटला आणि पेटीवर कापड टाकलं.

ती मालिका सुरू झाली. गाणं दुसऱ्याच कुणाचं हाय.