पाच चुकांचं पत्र

पोर्तुगीज गेले तेव्हा मी तिसरीत होते. पेडण्यात आमच्या गावची शाळा त्यांची, बाई ख्रिस्ती, म्हापशाकडची, आणि तिच्या हातात पालमातोर, म्हणजे पळीसारखी गोल लाकडी फळी, मध्ये भोकं पाडलेली. रोज दितादु असायचा, बाई बोलणार, आपण लिहायचं, एक चूक एक फटका. भाषा मला काही कळायची नाही, पण लिहायची मी बरोबर, कारण तळहात माझे होते. मग ते गेले, शाळा बंद पडली, नंतर मराठी शाळा आली ती परत पहिलीपासून, माझी उंची बघून मास्तर हसले आणि आई म्हणाली, पुरे आता. माझं शिक्षण ते एवढंच.

लग्न करून वेंगुर्ल्याच्या बाजूला दिलं आणि तिथून बाहरीनला आले. हे एका क्लबाची बस चालवायचे. गुदैबिया म्हणून भाग, तिथं दुसऱ्या मजल्यावर एक खोली, एक किचन, पोरगा पाच महिन्यांचा. मला सगळ्याची भीती. गॅसची भीती, एसी बंद होताना धाडकन वाजायचा त्याची भीती, जिन्यात कोण खोकलं तरी भीती. हे सकाळी सहाला गेले की आतून कडी लावायची, कडीला खुर्ची लावायची, आणि हे येईपर्यंत काढायची नाही. गोड्या पाण्याचा कॅन घेऊन माणूस यायचा, तो बेल वाजवून वाजवून कंटाळायचा आणि दारात ठेवून जायचा. त्याची पावलं खाली गेली की मी दार एवढंसं उघडून कॅन आत ओढायची, ओढताना धाप लागायची आणि पाण्याला वास यायचा रबराचा. कोणाशी बोलायचं? पोराशी बोलायची. पोरगा बघत राहायचा. संध्याकाळी ह्यांनी काही विचारलं की पहिला शब्द घशातून बाहेर यायला वेळ लागायचा, इतका घसा दिवसभर नुसता पडून असायचा.

असंच एकदा दुपारी दारावर थापा पडल्या. बेल नाही, थापा, आणि बाईमाणसाचा रडवेला आवाज, "शावी, शावी." मी खुर्ची धरून उभी राहिले. परत, "शावी." आणि माझ्या डोक्यात उजेड पडला की ही चावी म्हणतेय. बाहेर वरच्या मजल्यावरची बाई, अनवाणी, हात ओले, दार मागे लागून गेलेलं आणि चावी आत. तिच्या नवऱ्याला क्लबानं फुटबॉल शिकवायला ब्राझीलहून आणला होता, ह्यांच्याच बसमधून तो जायचा यायचा. मी तिला आत घेतलं. खुर्ची लावायची ती खुर्ची तिला बसायला दिली.

ती बोलायची ते मला कळायचं नाही आणि माझं तिला. पण साबण म्हटलं की तिला कळे, बादली कळे, मेज, पाव, बटाटा कळे. आम्ही दोघी घरभर बोट दाखवत फिरलो आणि कळलेल्या प्रत्येक वस्तूला हसलो. दुसऱ्या दिवशी ती आपणहून आली.

तिची गोष्ट मला ह्यांच्याकडून कळली. तिचा नवरा बसमध्ये पुढच्या सीटवर बसून मोडक्या इंग्रजीत सांगायचा, हे घरी येऊन मला सांगायचे. त्यांना एक मुलगी, सात वर्षांची, ती तिकडे आजीकडे. आजी म्हणजे हिची सासू, शाळेत शिकवणारी. इथं त्यांच्या भाषेची शाळा नाही, म्हणजे पोरीला आणली तर आईनं घरी शिकवायचं. आणि सासूचं म्हणणं, जिला स्वतःला चार ओळी धड लिहिता येत नाहीत ती काय शिकवणार. ही पत्र पाठवायची, तर सासू तेच पत्र तांबड्या शाईनं तपासून परत पाठवायची, वर मार्क घालून. मी डोळ्यांनी बघितलंय, दहापैकी तीन. शेवटी सासूनं कळवलं होतं, एक अख्खं पान स्वतःच्या अक्षरात बिनचूक लिहून पाठव, मग पोरगी देते. त्यांच्याकडे शाळा होळीच्या सुमाराला सुरू होते, त्याच्या आत.

नवरा हसायचा म्हणे तिला. वाईट नव्हता तो, पण हसायचा.

एकदा ती माझ्या मेजावर लिहीत बसली होती. मी पोराला मांडीवर घेऊन समोर. कागद माझ्याकडून उलटा, तरी भाषा आमच्या शाळेतलीच, पोर्तुगीज, एका शब्दावर नजर गेली आणि खरं सांगते, तळहात चुरचुरला. त्या शब्दात दोन एस काढले होते, तिथं शेपटीचा सी पाहिजे. शेपटीचा सी आम्ही शाळेत म्हणायचो, खाली छोटी शेपटी असते त्याला. मी बोट ठेवलं. ती बघायला लागली. मी पेन्सिल घेऊन शेपटी काढून दाखवली आणि डोक्याला हात लावला, कारण तो शब्द डोकं असा आहे हे मला माहीत होतं, असे मोजके शब्द माहीत होते. तिनं माझ्याकडे बघितलं, कागदाकडे बघितलं, आणि धावत वर जाऊन सगळी तांबडी पत्रं घेऊन आली.

तेव्हापासून रोज सकाळी. हे गेले की ती यायची. मला बोलता येत नव्हतं आणि तिला लिहिता येत नव्हतं. आम्हाला शाळेत जोड्या घोकून घेतल्या होत्या, ऐकायला एक आणि लिहायला दोन. कुझेर म्हणजे शिजवणं, तो झेडनं, कुझेर म्हणजे शिवणं, तो एसनं. शा चहाचा वेगळा, शा शहाचा वेगळा. शंभरचा सेंग आणि 'विना'चा सेंग, तोही दोन तऱ्हेचा. मी त्या आमच्या वर्गाच्या चालीत म्हणायची, पोरगा त्याच चालीवर झोपायचा, आणि ती हसून लोळायची, कारण तिचे उच्चार निराळे. शब्दाच्या शेवटचा ल तिच्या तोंडात राहायचाच नाही, त्याचा उ व्हायचा, मग लिहितानाही उ. मी जीभ टाळूला लावून दाखवायची, ल, ल, ल. पालमातोर नव्हता म्हणून मी पळी आपटायची मेजावर.

माझंही सगळं बरोबर नसे. एका शब्दाला मी हट्टानं सी म्हटलं, कारण आमच्या तालुका कचेरीच्या पाटीवर तसा होता, मोठ्या निळ्या अक्षरात, बापाबरोबर जाताना रोज बघितलेला. तिनं एसच पाहिजे म्हटलं. तिच्याकडे छोटा कोश होता, पण त्याचा तिला उपयोग नसायचा, शब्द कुठल्या अक्षरात शोधायचा तेच आधी कळायला हवं ना. त्या दिवशी दोन्हीकडे शोधला तर दोन्हीकडे निघाला, सीचा कचेरीचा आणि एसचा सल्ल्याचा. सल्ल्याला तिनं बोट नाचवून दाखवलं, सासू नाचवते तसं.

हे चिडवायचे. म्हणायचे, "काय गो तिसरी नापास मास्तरीण, आज किती फटके दिलंस?" मी म्हटलं, नापास नाही, शाळा गेली. पण मला बरं वाटायचं. कडीला खुर्ची लावणं त्या दिवसांत बंद झालं होतं, हे माझ्या लक्षातही आलं नव्हतं.

संक्रांतीच्या सुमाराला पान तयार झालं. चार वेळा लिहिलं तिनं ते. शेवटचं मी प्रत्येक शब्दाखाली बोट धरून बघितलं, काय लिहिलंय ठाऊक नाही, पण चूक नव्हती. तिनं पाकीट चिकटवलं आणि माझ्या हातात दिलं. सगळ्यांचं टपाल हेच क्लबाच्या टपालाबरोबर टाकायचे, आणि नवऱ्याच्या हातात तिला द्यायचं नव्हतं. रविवार होता.

मी ते ह्यांना दिलं नाही.

का, ते मी पुष्कळ वेळा आठवून बघितलंय. संध्याकाळी हे आले, चहा दिला, पाकीट तांदळाच्या डब्यावर होतं, आणि मला वाटलं, उद्या देऊ. पत्र गेलं की पोरगी येणार. पोरगी आली की ही वर तिच्याजवळ बसणार, खाली कशाला येईल? मग परत मी आणि कडी आणि खुर्ची. मी झाकण काढलं, पाकीट आत तांदळावर ठेवलं आणि झाकण लावलं.

सोमवारी तिनं विचारलं, पत्र गेलं? त्यांच्या भाषेत गेलंला फॉय म्हणतात. मी म्हटलं, "फॉय." त्या भाषेत कोणी न सांगता माझ्या मनानं बोललेला पहिला शब्द तो, आणि तो खोटा. मंगळवारी फॉय. बुधवारी फॉय. रोज तांदूळ काढताना पाकीट बाजूला करायचं, तांदूळ घ्यायचे, परत ठेवायचं.

गुरुवारी सकाळी ती फ्रॉक घेऊन आली. पिवळा, हातानं शिवत होती, खालची पट्टी राहिलेली. तिला विचारायचं होतं की फ्रॉक कितपत लांब ठेवू, म्हणजे सात वर्षांची पोरगी केवढी असते. मला कसं माहीत, माझा तर रांगतोय. तिनं दाराच्या चौकटीजवळ उभं राहून हात धरला. एवढी? मग थोडा वर केला. एवढी? मग खाली. तिला आठवत नव्हतं असं नाही, पण तिला आठवत होती ती पाच वर्षांची. शेवटी तिनं पेन्सिलनं चौकटीवर एक रेघ ओढली आणि त्या रेघेकडे बघत उभी राहिली. मग वर निघून गेली.

मी डबा उघडला. हे क्लबाच्या संघाला घेऊन तिकडे लांब रिफ्याला गेलेले, संध्याकाळशिवाय येणार नाहीत. गुरुवारी पोस्ट दुपारी बंद, शुक्रवारी सुट्टी. पोराला कमरेवर घेतला, पाकीट ब्लाऊजमध्ये, घरखर्चाच्या बरणीतले पैसे मुठीत, आणि खाली उतरले. एकटी कधी कोपऱ्यावरच्या कोल्ड स्टोअरपर्यंत, म्हणजे वाण्याच्या दुकानापर्यंतसुद्धा गेले नव्हते. पोस्ट मनामात, बाब नावाच्या वेशीजवळ, एवढंच ऐकून माहीत. समोर दिसेल त्या बाईला विचारायची, पोस्ट? पोस्ट? हात दाखवतील तिकडे चालायची, चालायची कसली, पळायची. एक गाडी ब्रेक लावून थांबली, आत बसलेला काहीतरी ओरडला, मी थांबले नाही. पोरगा आधी रडला, मग दचके खात खात गप्प झाला.

खिडकीवरचा माणूस रत्नागिरीचा निघाला, मुसलमान, वयानं मोठा. माझ्या तोंडातून मराठी निघाली असणार, कारण तो म्हणाला, "कुठची गो तू बाय? एकटीच आलीस पोराला घेवन?"

मी पाकीट पुढं केलं. पाकिटावरचा भात झटकून त्यानं पत्ता वाचला. खरं तर कच्चे तांदूळ होते, दोन, चिकटलेले.

"एवढ्या लांब कोण तुझं?"

म्हटलं, माझं नाही कोणी. आणि रडायला आलं ते आलंच.

"रडतेस कशाला? पत्र जातंय, तू नाय जात," तो म्हणाला, आणि तिकीट लावून धाडकन शिक्का मारला. आजच्या थैलीत जाईल म्हणाला. इंशाल्ला पोचेल.

घरी परत आले. ती जिन्यात बसली होती, मला शोधत, घाबरलेली, कारण मी कधी कुठे जात नसे. मी तिला सांगायला पाहिजे होतं. शब्द नव्हते म्हणेन, पण ते खरं नाही, हातांनी सांगता आलं असतं. मी फक्त फॉय म्हटलं.

उत्तर यायला महिना लागला. ती खिडकीत बसून असायची तेव्हा मी मनात ते दिवस मोजायची, एक, दोन, तीन, चार, माझे. उत्तर आलं तेव्हा तिनं जिन्यातूनच आरडाओरडा केला. सासू कबूल झाली होती, पण पोरगी एकटी विमानात पाठवणार नाही, येऊन घेऊन जा. आठवड्यात ती गेली. तिची बादली, साबणाची पेटी आणि तांबडी-निळी पेन्सिल मला देऊन गेली. परत येणार होती, फ्रॉक घेऊन गेली होती. मी उन्हाळाभर वाट बघितली. मग तिच्या नवऱ्याचं क्लबाशी काही जमलं नाही आणि तोही सामान घेऊन गेला, वरच्या मजल्यावर केरळचं कुटुंब आलं. खुर्ची मी परत कडीला लावायला लागले.

पावसाळ्यानंतर, म्हणजे आपल्या गावाकडच्या पावसाळ्यानंतर, इथं कुठला, क्लबाच्या पत्त्यावर माझ्या नावानं पाकीट आलं, क्लबाचा शिपाई दारात देऊन गेला. आत एक पान आणि गुंडाळलेली पिवळी फीत. फितीला एका टोकाला गाठ, दुसरं टोक कापलेलं, लांबच लांब. मला काही वेळ कळलं नाही. मग गाठ जमिनीला पायाखाली धरली आणि फीत चौकटीला लावली. तिच्या रेघेच्या चार बोटं वर गेली.

पान मी शब्दाखाली बोट धरून बघितलं. शिवणं तिनं झेडनं लिहिलं होतं, एवढं करून. शेवटचे ल परत उ झाले होते. म्हणजे तिला आता कोणी तपासत नव्हतं. मी तांबडी पेन्सिल हातात घेतली होती, ती ठेवून दिली.

बाकी काय लिहिलंय ते मला कळलं नाही. इथं गोव्याचे म्हातारे आहेत, कोणीही वाचून दाखवेल. पण त्यात ते चार दिवस असले तर? सासूच्या पत्रावरून, शिक्क्यावरच्या तारखेवरून तिला कळलं असेल तर? आता सौदीला जायचा पूल बांधतायत, पोरगा शाळेत जातो, मी मराठी बोलते आणि तो इंग्लिशमध्ये उत्तर देतो, आणि ते पान अजून घडी करून तसंच आहे.

पाकीट आलं त्या दिवशी हे घरी आले आणि ते बघून म्हणाले, "काय लिवलंन बाईन?"

मी म्हटलं, पाच चुका.