उन्हातली हळद

"आमच्या पोरीनं इतकी वर्षं चित्रकलेचा क्लास लावला, पण आपलं वावर काढलं ते सुनेनं," आई ओसरीवर शेजारच्या काकूंना सांगत होती. मी दाराआडच उभी होते.

वहिनीला शिरड शहापूरहून लग्न होऊन येऊन वर्षही झालं नव्हतं. चित्रकला ती कुठे शिकली नव्हती. काढणीआधी पिवळ्या पडलेल्या हळदीच्या पानांचं तिनं चित्र काढलं आणि रंग म्हणून घरचीच हळद पाण्यात कालवली. माझ्याकडे महागाच्या ट्यूब होत्या, आणि मी मोबाइलमध्ये बघून बर्फाचे डोंगर काढायची. कॉलेजला रोज त्याच बांधावरून जायचे, पण तिथे काढण्यासारखं मला कधी काही दिसलं नाही.

"वासबी येऊन राहिला की," काकू म्हणाल्या. "इथंच लावा, पाहुण्यांना दिसंल."

दादा ओसरीच्या भिंतीवर खिळा ठोकू लागला. तिथे दुपारभर ऊन असतं. हळदीचे डाग उडावेत म्हणून आम्ही कपडे उन्हातच वाळत घालतो, पण चित्राच्या कौतुकात ते माझ्याशिवाय कुणालाच आठवलं नाही. मी गप्प राहिले असते, तर थोड्या दिवसांत नुसता कागद उरला असता. मला तेच हवं होतं.

वहिनीनं चित्र भिंतीला लावून धरलं आणि मान वळवून मला विचारलं, "बराबर दिसून राहिलं का, ताई?"

"तिथं नको, वहिनी," मी म्हणाले. "उन्हानं हळद उडून जाईल. माझ्या खोलीत लावा."