तेओफिरोने जहाज पकडलं त्याची गोष्ट

रापा बेटावर तेओफिरोला ओळखत नाही असा माणूस नव्हता, आणि त्याला टाळत नाही असाही नव्हता. माणूस वाईट नव्हता हो. कुणाचं छप्पर उडालं, कुणाची बकरी कड्यावर अडकली, की सगळ्यांत आधी धावणारा तोच. पण बकरी खाली आली की हा बोलायला लागायचा, आणि मग बकरीलासुद्धा वाटायचं, वर होते तेच बरं होतं.

विषय एकच. आहुरेईची खाडी.

"आपलं बेट म्हणजे मुळात ज्वालामुखी," तो सुरू करायचा. "त्याची पूर्वेची भिंत कोसळली आणि समुद्र आत येऊन बसला. म्हणजे आपण राहतो कुठे? डोंगराच्या पोटात!"

"पोटावरून आठवलं," त्याची बायको मारेता म्हणायची, "चूल विझलीय. लाकडं आण."

लाकडं आणता आणता तो कोळशाच्या दिवसांवर यायचा. एके काळी पनामाहून न्यूझीलंडला जाणाऱ्या आगबोटी याच खाडीत कोळसा भरायला थांबत. तेओफिरो ते अशा थाटात सांगायचा की जणू पोती यानेच पाठीवर वाहिली. आणि शेवटी यायची ती मोठी गोष्ट. पेरूचं जहाज बेटांवरची माणसं गुलाम म्हणून पळवून न्यायला खाडीत शिरलं, तेव्हा रापाच्या लोकांनीच उलट त्या जहाजावर चढून ते ताब्यात घेतलं आणि थेट ताहितीला नेऊन सरकारच्या हवाली केलं. यात खोटं काही नाही. घोडं अडतं ते फक्त एका ठिकाणी. डेकवर पहिला पाय कुणाचा पडला? तेओफिरोच्या मते त्याच्या खापरपणजोबाचा. शेजाऱ्यांच्या मते त्यांच्या. खाडीपलीकडच्या आरेआ गावाच्या मते तर तेओफिरोच्या आहुरेई गावातलं कुणी तिथे नव्हतंच.

"सगळ्यांचे पणजोबा खरंच चढले असते ना," मारेता म्हणायची, "तर ते जहाज तिथल्या तिथे बुडालं असतं."

आता गंमत अशी की एवढं सांगणारा तेओफिरो खाडीच्या तोंडाबाहेर जन्मात गेला नव्हता. विचारलं तर म्हणे, तारोच्या कंदांच्या वाफ्यांना पाणी कोण सोडेल? खरं कारण सगळ्यांना माहीत होतं. होडी लाटेवर जरा उचलली की त्याचं पोट तिच्याही वर जायचं.

तरी खाडीत येणाऱ्या प्रत्येक बोटीला वाट दाखवायचं काम त्याने आपणहून अंगावर घेतलं होतं. खाडीचं तोंड अवघड आहे. आत येणारी वाट प्रवाळाच्या खडकांमधून साप सरपटल्यासारखी वाकडीतिकडी येते. तेओफिरोचं घर चढावर. ओसरीत जुना वायरलेस. बोट दिसली की हा त्यात ओरडायचा, "डावीकडे घ्या! आता उजवीकडे! उजवीकडे म्हणतोय ना!" फक्त हे डावं-उजवं तो ओसरीत बसून, समुद्राकडे तोंड करून सांगायचा. येणाऱ्याला ते सगळं नेमकं उलटं. मालवाहू बोटीचा कप्तान तेआरी जुना खेळाडू. तो नव्या खलाशांना सांगून ठेवायचा, "तेओफिरोकाका काय सांगतात ते कान देऊन ऐका. आणि बरोब्बर उलटं करा. आजवर कधी चूक झालेली नाही." त्यामुळे तेओफिरोला वाटायचं, आपण आहोत म्हणून बोटी सुखरूप आत येतात. आणि एका परीने ते खरंच होतं.

एका वर्षी गावाचा कारभारी, तावाना तिहोनी, याच्या डोक्यात आलं की त्या पेरूच्या जहाजाचा प्रसंग नाटक करून दाखवावा. दोन्ही गावं एकत्र येतील, जेवणावळ होईल. खाडीत तेव्हा एका तरुण जोडप्याची निळी शिडाची बोट मुक्कामाला होती. तिने जहाज व्हायचं कबूल केलं. ठरलं असं की आदल्या दिवशी त्या दोघांनी बेटाच्या मागच्या खाडीत जाऊन राहायचं आणि शनिवारी सकाळी ऐटीत आत यायचं. मग होड्यांनी वेढा घालायचा, कप्तानाला बांधायचं आणि तेओफिरोने डेकवर भाषण करायचं.

"भाषण छोटं हं," तावाना म्हणाला.

"छोटंच. ज्वालामुखीपासून सुरू करतो."

तावानाने मारेताकडे पाहिलं. मारेताने आभाळाकडे.

शनिवार उजाडला. वारा फिरून पश्चिमेचा झाला होता. मागच्या खाडीत ते जोडपं लाटा बघून म्हणालं, आज नको बाबा. पण मध्ये डोंगर, वायरलेस पोचत नाही; हे इकडे कळणार कसं? गावात पहाटेपासून बकरी भट्टीत पुरलेली, आंबवलेल्या तारोच्या पोपोईचे गोळे पानात बांधलेले, बायका धक्क्यावर गाण्याला उभ्या. आणि तेवढ्यात तोंडाशी निळी बोट दिसली.

पण ही दुसरीच, अर्मेलची बोट. अर्मेल हा फ्रान्सच्या किनाऱ्यावरचा दातांचा डॉक्टर, नुकताच निवृत्त झालेला. गॅम्बिए बेटांवरून एकटाच येत होता. झोप नाही, दाढी नाही, वायरलेस बिघडलेला. वाऱ्याशी झगडत, खडक चुकवत तो कसाबसा आत आला. आता नांगर टाकावा आणि आठवडाभर झोपावं, एवढंच मनात. नांगर टाकून झाला. शीड उतरवणार, तोच ढोल वाजायला लागले.

त्याने वर पाहिलं. चहूबाजूंनी होड्या येत होत्या. होड्यांत फुटबॉलच्या चड्ड्यांवर पानांचे घागरे घातलेली दांडगी माणसं, हातात वल्ही, आणि सगळ्यांत पुढे एक ढेरपोट्या म्हातारा डोळे मिटून ओरडत होता. डोळे मिटलेले अशासाठी की होडी हलत होती.

"आमची माणसं सोड!" तेओफिरो गरजला.

"कुठली माणसं?" अर्मेलचा आवाज चिरकला. "मी एकटाच आहे!"

"खोटं बोलतोस, नराधमा!"

"आईशपथ एकटा आहे! चीज आहे थोडं! ते घ्या!"

तेओफिरोचा मेव्हणा पेनिआमिना त्याच्या कानाला लागला. "दाजी, हा तर केवढा नट निघाला! हे चीजचं आपल्यात नव्हतं."

"मनानं घालतोय," तेओफिरो कौतुकाने म्हणाला. "बांधा त्याला!"

"पण परवाचा पोरगा तर तरुण होता ना? हा पांढऱ्या केसांचा दिसतोय."

"अरे, रंगवलेत. नाटक आहे."

पेनिआमिना बकऱ्या बांधण्यात बेटावर एक नंबर. त्याने अर्मेलला डोलकाठीला असा आवळला की हलायची सोय ठेवली नाही. नाटकात नांगर उचलायचा होता, तो उचलला. धक्क्यावर बायकांनी सूर लावला. तेओफिरोने डोलकाठी घट्ट धरली, एक डोळा उघडला आणि सुरुवात केली. "मंडळी! आपलं बेट म्हणजे मुळात ज्वालामुखी!"

हे शब्द कानांवर पडताच बोटीवरची माणसं एकेक करून खाली सरकायला लागली. कुणाला भट्टी बघायची होती, कुणाचं मूल रडत होतं. पेनिआमिना म्हणाला, "दाजी, तुमचं चालू द्या," आणि होडीत उतरला. घटकाभरात सगळ्या होड्या धक्क्याला लागल्या.

बोटीवर उरले दोघं. शीड वर, नांगर वर, आणि पश्चिमेचा वारा पाठीशी.

तेओफिरो कोळशापर्यंत पोचला, तेव्हा त्याच्या पायांखाली काहीतरी वेगळं व्हायला लागलं. त्याने दुसरा डोळा उघडला. धक्का दूर गेला होता. चर्च एवढंसं झालं होतं. दोन्ही बाजूंचे खडक, देवाला माहीत कसे, न लागता मागे पडत होते, आणि पुढे काही नव्हतं. म्हणजे पाणी होतं. पण पाणी सोडून काही नव्हतं.

"हे... हे नाटकात नाही," तो म्हणाला.

"नाटक?" अर्मेल म्हणाला. "हे नाटक आहे?"

"म्हणजे? तू नाटकात नाहीस?"

"मी दातांचा डॉक्टर आहे!"

तेओफिरोने त्याचे पांढरे केस जवळून पाहिले. मग कठड्यावर वाकला आणि सकाळपासून खाल्लेलं सगळं प्रशांत महासागराला देऊन टाकलं. तोंड पुसून तो हळूच म्हणाला, "माफ करा डॉक्टर. आमच्या इथे असं नाही करत हो. आमच्या इथे पाहुण्याला आधी जेवायला घालतात."

"मला सोडा आधी."

गाठ सुटेना. दातांनी प्रयत्न केला. त्यात एक दाढ आधीच दुखरी, तिच्यातून कळ गेली. "आ करा," बांधलेला अर्मेल सवयीने म्हणाला. तेओफिरोने आ केला. "ही काढावी लागेल," अर्मेल म्हणाला, "आणि आतमध्ये पाव कापायची सुरी आहे, ती आणा."

सुरी सापडेपर्यंत बोट चांगलीच बाहेर आली होती. दोर तुटला, अर्मेलने धावत जाऊन शीड पाडलं, इंजिन सुरू केलं आणि तोंड वळवलं. तेव्हा तेओफिरोने मान वर केली आणि आयुष्यात पहिल्यांदा आपलं बेट बाहेरून बघितलं. काळेकभिन्न सुळके, त्यांच्या डोक्यावर ढग, आणि मध्ये एक बारीकशी फट. त्या फटीत त्याचं सगळं होतं. वाफे, ओसरी, मारेता. तो हात करून अर्मेलला ते दाखवणार होता. पण तेवढ्यात लाट आली, आणि त्याला पुन्हा कठडा गाठावा लागला.

"आत येताना मला नशिबानेच वाट मिळाली," अर्मेल म्हणाला. "तुम्हाला ठाऊक आहे का?"

हा प्रश्न तेओफिरोला? तो ताठ झाला. रंग हिरवट होता, पण ताठ झाला. "डॉक्टर, ही वाट मी झोपेत सांगतो. त्या खडकाशी डावीकडे."

"नक्की? मला वाटतं मघाशी मी—"

"डावीकडे म्हणतोय ना!"

अर्मेलने डावीकडे घेतलं. खालून कर्रर्र असा आवाज आला, आणि बोट एका कुशीवर कलंडून प्रवाळावर अलगद बसली.

तेओफिरोने उजवा हात बघितला. मग डावा बघितला. मग ओसरीकडे पाठ करून पुन्हा दोन्ही बघितले. त्याच्या चेहऱ्यावर हळूहळू असं काही पसरलं की अर्मेलला त्याची दया आली.

"म्हणजे इतकी वर्षं..." तेओफिरो पुटपुटला. "आणि कुणी बोललं नाही मला!"

धक्क्यावर लोक खुशीत होते. बोट बाहेर गेली, वळली, आत आली, खडकावर चढली. काय ते नाटक! टाळ्या पडल्या. आरेआचे म्हातारे तर म्हणाले, आहुरेईवाल्यांनी या खेपेला खर्च केलेला दिसतोय. फक्त मारेता गाता गाता थांबली.

"तो बोलत नाहीये," ती म्हणाली.

"देवाची कृपा," शेजारीण म्हणाली.

"अगं, हसतेस काय? बोलत नाहीये तो! तो झोपेत बोलतो. जेवताना बोलतो. आमच्या लग्नात पाद्रीबाबांच्या मध्ये बोलला. काहीतरी झालंय." आणि तिने लुगडं खोचावं तसा पानांचा घागरा खोचला, होडीत बसली आणि एकटी वल्ही मारत निघाली.

जवळ आल्यावर तिने खालूनच विचारलं, "जिवंत आहेस का रे?"

"आहे," वरून बारीक आवाज आला. "मारेता, डावं आणि उजवं..."

"माहितीय. सगळ्या गावाला माहितीय. उतर खाली. आणि हे कोण?"

"डॉक्टर. दातांचे. नाटकात नाहीयेत."

मारेताने अर्मेलच्या दंडावरचे वळ बघितले. मग नवऱ्याकडे बघितलं. ते बघणं तेओफिरोला लाटेपेक्षा जास्त लागलं.

भरतीला बोट आपोआप सुटली. होड्यांनी ती ओढून धक्क्याशी आणली. सुकाणू मात्र वाकलं होतं. नवा भाग ताहितीहून पुढच्या मालवाहू बोटीने येणार, म्हणजे दीड-दोन महिने गेलेच. तावाना तिहोनी अर्मेलपुढे हात जोडून उभा राहिला. "साहेब, चूक आमची. तुम्ही म्हणाल ती भरपाई."

अर्मेलच्या एका हातात बकरीची तंगडी, दुसऱ्यात अख्खा शेवंडा होता. तो चावता चावता म्हणाला, "भरपाई काही नको. पण त्या कोळशाच्या बोटींचं पुढे काय झालं? भाषण अर्धंच राहिलं."

सगळ्या माना अर्मेलकडे वळल्या. आजवर हा प्रश्न कुणीही, कधीही विचारला नव्हता. तेओफिरोच्या डोळ्यांत टचकन पाणी आलं.

अर्मेल मग त्याच्याच घरी राहिला. सकाळी तो ओसरीत लोकांचे दात काढायचा आणि तेओफिरो रांगेतल्यांना इतिहास सांगायचा. लोक म्हणत, दात काढताना बरं वाटतं, तेवढ्यापुरता कान सुटतो. तेओफिरोची दाढ निघाली त्या दिवशी त्याच्या तोंडात बोळा होता. त्या दिवशी मारेताने शेजारणींना कॉफीला बोलावलं. पोपोई कुटायला अर्मेल शिकला, पण त्याची पोपोई बकऱ्याही खाईनात. वायरलेसवर आता मारेता बसायला लागली, आणि कप्तान तेआरीला आपल्या खलाशांना सगळं नव्याने शिकवावं लागलं. त्याने फार कुरकुर केली.

सुकाणू आलं, बसलं. निघायच्या आदल्या दिवशी अर्मेल म्हणाला, "तेओफिरो, चल, बेटाला एक फेरी मारून येऊ."

"वाफ्यांना पाणी..." तेओफिरो म्हणाला.

"मी सोडते," मारेता आतून म्हणाली. "घेऊन जा डॉक्टर. बादली द्या आणि घेऊन जा."

तो गेला. प्रत्येक खाडीपाशी बादलीत तोंड घालत गेला, आणि दोन बादल्यांच्या मध्ये त्या खाडीचं नाव, तिथला किल्ला, तिथे कुणाची आजी राहायची, सगळं अर्मेलला सांगत गेला. संध्याकाळी धक्क्यावर उतरला तेव्हा चेहरा तारोच्या पानासारखा हिरवा झाला होता, आणि तो हसत होता.

नाटक आता दरवर्षी होतं. पण तेओफिरोने भाषणाचं काम सोडलं. तो गुलामवाल्या कप्तानाचं काम मागून घेतो. पेनिआमिना त्याला धक्क्यावरच्याच एका खांबाला आवळून बांधतो, आणि जेवण संपेपर्यंत सोडत नाही. बांधलेल्या माणसाला कुणीतरी भरवावं लागतं. ते काम मारेताकडे आहे, आणि ती मोठे घास देते.