मताला सोबत

माझ्या सासऱ्यांची नजर काचबिंदूनं हळूहळू गेली. आधी कडेचं दिसेना, मग समोरचं धुरकट झालं, आणि एका दिवाळीनंतर त्यांनी स्वतःच सांगून टाकलं, "दिवा लावा नायतर नका लावू, मला सारखंच." सांगताना आवाजात तक्रार नव्हती. खोपोलीच्या कारखान्यात पाळ्या करून वर शेती सांभाळलेला माणूस. जे झालं ते झालं म्हणायची सवय त्यांना होती.

आमचं गाव चौक गावापासून आत, डोंगराच्या पायथ्याला. मी कर्जतची, मास्तरांची मुलगी. लग्न होऊन आले तेव्हा माझं बोलणं इथं सगळ्यांना पुस्तकी वाटायचं. सासरे तर माझ्याशी थेट बोलतच नसत. मी समोर उभी असले तरी सासूबाईंना म्हणायचे, "सूनबायला सांग, कोरा चा ठेव." सासूबाई गेल्यावर तो निरोप माझ्या नवऱ्यामार्फत यायला लागला. त्यात राग नव्हता, रीत होती. मीही डोक्यावर पदर घेऊन त्या रीतीत वर्षं काढली.

त्यांना पेपरचं वेड होतं. शाळा चौथीपर्यंतच, पण पहिल्या पानापासून शेवटच्या जाहिरातीपर्यंत सगळं वाचायचे. डोळे गेल्यावर माझा नवरा वाचून दाखवायचा. कामावर जायच्या घाईत मथळे वाचायचा, आणि त्याला न पटणारी बातमी आली की "हे काय, नेहमीचंच" म्हणून पान उलटायचा. एका सकाळी तो लवकर गेला. घरात मी एकटीच होते. सासरे ओट्यावर बसून नुसत्या हवेला म्हणाले, "आज पेपर कोन वाचनार हाय का?"

मी हात पुसले आणि पायरीवर बसून वाचायला लागले.

तिथून आमचं बोलणं सुरू झालं. आठवड्याभरात वादही सुरू झाले. "तुमा कर्जतच्या मास्तरलोकांना शेतीतलं काय कलतंय?" ते म्हणायचे. मी म्हणायचे, "बाबा, मास्तरांच्या घरीपण भातच शिजतो." एवढं उलट मी त्या घरात कधी कोणाला बोलले नव्हते. त्यावर ते असे हसले की शेजारीण कुंपणापाशी येऊन बघून गेली. पण वाद कितीही झाले तरी अंगणात जाताना मी त्यांच्या काठीचं पुढचं टोक धरायचे आणि ते मागचं. हात धरायची आमच्यात पद्धत नव्हती.

लोकसभेची निवडणूक आली त्या उन्हाळ्यात अंगणवाडीच्या बाई एक अर्ज घेऊन घरी आल्या. मतदारयादीचं काम त्यांच्याकडंच असतं. पंच्याऐंशीच्या वरच्यांना आता घरून मत देता येतं, म्हणाल्या. मतदानाच्या आधीच माणसं घरी येतील, कागदावर खूण करायची आणि पाकिटात घालून त्यांच्याकडं द्यायची.

"मी काय अंथरुनाला खिललोय?" सासरे म्हणाले. "शालेपर्यंत जाईन की."

"जा की आबा. जबरदस्ती नाय," बाई म्हणाल्या. "पन एकदा अर्ज भरला की मग शालेत मत देता यायचं नाय. यादीत तुमच्या नावापुढं तशी खूण होते. इचार करून सांगा."

सासऱ्यांनी टोपी काढून मांडीवर ठेवली. मग म्हणाले, "भर."

मला नवल वाटलं. मताच्या दिवशी कडक इस्त्रीची टोपी घालून सगळ्यांच्या आधी रांगेत उभं राहणारा हा माणूस. पण मागच्या खेपेला काय झालं ते मला आठवत होतं. नजर गेल्यावरची ती पहिलीच निवडणूक. नवरा त्यांना शाळेत घेऊन गेला. दिसत नसलेल्या माणसाला सोबती नेता येतो आणि सोबत्यानं त्याच्या सांगण्याप्रमाणं बटण दाबायचं असतं. तसं झालं, मशीन वाजलं, दोघे घरी आले. त्यानंतर दोन दिवस सासरे नीट जेवले नाहीत. का ते कोणी विचारलं नाही.

बाईंनी अर्जावर त्यांचं बोट योग्य जागी नेऊन ठेवलं. अंगठा नको म्हणून त्यांनी सहीच केली. ओळ थोडी वर गेली, पण अक्षर त्यांचंच होतं.

माणसं येणार त्याचा निरोप आदल्या दिवशी आला. घरात कोणी नसलं तर आणखी एकदाच येतील, मग नाही, असंही कळवलं होतं. त्यामुळे माझ्या नवऱ्यानं रजाच टाकली. सासऱ्यांनी सकाळीच दाढी करून घेतली. मी ओटा झाडला, वाळत घातलेले वाल उचलले आणि पन्हं करून ठेवलं.

जीप आली. एक अधिकारी बाई, बहुतेक शिक्षिकाच असाव्यात, कारण चपला काढतानाच त्यांनी "कसे आहात आजोबा?" असं वर्गात विचारल्यासारखं विचारलं. बरोबर एक मदतनीस, एक पोलीस, एक कॅमेरावाला. उमेदवारांच्या बाजूनं गावातलीच दोघं-तिघं येऊन दाराशी उभी होती. पाहुणे म्हणून एरवी चहाला बसली असती, त्या दिवशी पन्ह्यालाही कोणी हात लावेना.

मदतनिसानं आमच्या जेवायच्या टेबलावर पुठ्ठ्याचा आडोसा उभा केला. बाईंनी ओळखपत्र तपासलं, सगळं समजावून सांगितलं आणि विचारलं, "आजोबा, तुम्हाला दिसत नाही, तर खूण करायला तुमच्या विश्वासाचं कोणी बरोबर घेऊ शकता. कोणाला घेणार?"

माझा नवरा खुर्ची सरकवून त्यांच्या शेजारी बसलाच होता.

"तू नको," सासरे त्याला म्हणाले. आवाज चढा नव्हता, पण सगळ्यांनी ऐकला. "सूनबायला बोलवा."

मी स्वयंपाकघराच्या दारात होते. नवऱ्यानं माझ्याकडं बघितलं, दाराशी उभ्या असलेल्या गावकऱ्यांकडं बघितलं, आणि उठून सरळ अंगणात जीपच्या ड्रायव्हरपाशी जाऊन उभा राहिला. मला त्याच्या मागं जावंसं वाटत होतं. पण सासरे हात पुढं करून बसले होते.

"ताई, ते सांगतील तिथंच," बाई मला म्हणाल्या. "आणि हे कोणाला सांगायचं नाही. घरातल्यांनाही नाही."

आम्ही दोघं आडोशामागं बसलो. कॅमेरावाल्यानं कॅमेरा दुसरीकडं फिरवला. मी मतपत्रिका हातात घेतली आणि अगदी हळू, पहिल्यापासून शेवटपर्यंत सगळी नावं वाचली. त्यांनी मान हलवली आणि माझ्या कानाशी येऊन एक नाव सांगितलं. इतक्या वर्षांत त्या माणसाचा श्वास माझ्या इतक्या जवळ कधी आला नव्हता. तंबाखूचा आणि दाढीच्या साबणाचा वास आला. ते नाव मी इथंही लिहिणार नाही. ते माझ्या मनातलं होतं की नव्हतं तेही सांगणार नाही, कारण तेवढ्यावरूनसुद्धा माझा नवरा बरोबर ओळखेल.

"पेन माझ्या हातात दे," ते म्हणाले.

पेन दिलं तर ते नुसतं अधांतरी धरून बसले. कुठं टेकवायचं ते त्यांना कळेना. मी क्षणभर थांबले आणि मग त्यांचा हात माझ्या हातात घेतला. बोटं जाड होती, नांगराची आणि मशीनची, कातडी मात्र कागदासारखी पातळ झालेली. त्या नावापुढच्या चौकटीत त्यांचा हात नेला, आणि आम्ही दोघांनी मिळून बरोबरची खूण केली. खूण चौकटीबाहेर जायला नको म्हणून मी श्वास रोखून धरला होता.

"झालं?"

"झालं, बाबा."

"वाजलं नाय."

"मशीन नाही हे. कागद आहे."

"असं व्हय," म्हणून ते स्वतःशीच हसले. मग कागदाची घडी छोट्या पाकिटात गेली, ते पाकीट मोठ्या पाकिटात, डिंकानं चिकटवलं, बाईंनी सही केली. सासऱ्यांनी पाकीट हातानं चाचपून पाहिलं आणि मगच पेटीत टाकू दिलं.

दुपारी जेवताना नवरा भाताशी खेळत होता. सासरे आत झोपले होते.

"त्यांना काय वाटलं?" तो म्हणाला. "मी बापाचं मत चोरलं असतं?"

"तसं नाही हो."

"मागच्या वेळी त्यांनी सांगितलं तेच बटन दाबलं होतं मी. मला पटत नव्हतं, तरी तेच दाबलं. देवाशपथ." त्याचे डोळे भरून आले होते. मी वाटीत आमटी वाढत राहिले. कोणाला दिलं, हे त्यानं त्या दिवशी विचारलं नाही. पुढं दोन-चारदा आडून विचारलं, आणि दुकानावर गेले की गावातलेही विचारायचे, "काय वहिनी, म्हाताऱ्यानं कोनाला चिकटवलं?" मी हसून पिशवी उचलायचे.

खऱ्या मतदानाच्या दिवशी सासरे धुतलेली टोपी घालून ओट्यावर बसले. येणारे-जाणारे "आबा, चला मताला" म्हणायचे आणि ते मोठ्यानं सांगायचे, "माजं आधीच झालंय!" मी मत देऊन परतले तर त्यांनी रांग कुठपर्यंत होती, कोण कोण भेटलं, शाळेच्या वऱ्हांड्यात पाणी ठेवलं होतं का, सगळं विचारून घेतलं. मी सांगत गेले तसा त्यांचा चेहरा उतरत गेला. मत घरी आलं, पण रांग काही घरी आली नव्हती.

त्यानंतर काही दिवसांनी पेपर वाचून झाल्यावर मी धीर केला.

"बाबा, मागच्या वेळी त्यांनी तुम्ही सांगितलं तेच बटण दाबलं होतं."

"ठावं हाय."

"मग?"

त्यांनी काठी जमिनीवर फिरवली. "तुला पटलं नाय तर तुजा आवाज बदलतो. पन शब्द नाय बदलत. सगलं वाचतेस. तो गालतो." मग काठी थांबवून म्हणाले, "मशीन वाजल्यावर माज्या मनात आलं, दाबलं असंल ना यानं बरोबर? सोताच्या पोराबद्दल असं मनात आलं. दोन दिस जेवन गेलं नाय मला. परत तसं मनात येऊ नये म्हनून तुला घेतली."

मी पेपरची घडी घातली. "हे त्यांना सांगा ना. त्यांना वाटतंय तुमचा विश्वास नाही."

"तू सांग."

"मी नाही सांगणार," मी म्हणाले. "निरोप्याची कामं मी पुष्कळ बघितली या घरात. तुमचं तुम्ही बोला."

ते चिडले. दुसऱ्या दिवशी पेपरही नको म्हणाले. तिसऱ्या दिवशी पुन्हा ओट्यावर येऊन बसले. मुलाशी मात्र बोलले नाहीत. बापलेकांचं त्या विषयावर बोलणं माझ्या कानावर तरी कधी आलं नाही.

भाताची झोडणी चालू होती तेव्हा विधानसभा आली. बाई पुन्हा अर्ज घेऊन आल्या, पुन्हा सही झाली. या खेपेला जीपमधून दुसरेच अधिकारी आले. माझ्या नवऱ्यानं रजा टाकली होती, पण तो घरात थांबला नव्हता. खळ्यावर पेंढा रचत होता. साहेबांनी तोच प्रश्न विचारला. मी हात पुसून पुढं झाले.

"तू नको," सासरे म्हणाले. "पोराला हाक मार."

मी पुसलेले हात पुन्हा पदराला पुसले.

"एका मानसानं एकच गुपित सांभालावं," ते म्हणाले. "तुला लोक लय छलतात, ऐकू येतं मला. जा, बोलव त्याला."

मी खळ्यावर धावत गेले. तो अंगावरचा भुसा झटकत आला, पाय धुतले, आणि घाबरल्यासारखा आडोशामागं जाऊन बसला. आतून नावं वाचल्याचा आवाज येत होता. तो एकेक नाव सावकाश वाचत होता, एकही न गाळता. मग शांतता. तीही बराच वेळ. साहेबांनी एकदा घड्याळाकडं पाहिलं.

जीप गेल्यावर आम्ही दोघं खळ्यावर परत गेलो. आता मला विचारावंसं वाटत होतं. जीभ अगदी शिवशिवत होती. मागच्या वेळचंच नाव होतं की म्हाताऱ्यानं विचार बदलला? पण मी विचारलं नाही. तो पेंढ्याची गुंडी उचलायला वाकला आणि तसाच थांबला.

"हात किती हलका झालाय गं त्यांचा," तो म्हणाला. "मी धरलाच नव्हता कधी."

त्या रविवारी त्यानं वडिलांना अंगणात उन्हात बसवलं, पितळी वाटीत कोमट पाणी घेतलं आणि त्यांची नखं भिजवून कापायला बसला. एरवी ते काम न्हावी करायचा.

"हलू रं, बोट कापशील," सासरे ओरडत होते.

"नाय कापत. सरळ धरा."

"सरलच हाय. तुलाच दिसत नाय."

मी आतून ऐकत होते. बाहेर गेले नाही.